चुना आणि तुरटी

आमच्या वाटण्या गोडीगुलाबीनं झाल्या. हे वाक्य मी दीड-दोन वर्षं भेटेल त्याला अभिमानानं ऐकवत होतो. पुढे त्यातली गोडी गेली आणि गुलाबी तेवढं उरलं, त्याची ही हकिगत.

आता, वाटायला असं होतं काय? महाबळेश्वरला बाजाराच्या मागच्या अंगाला जांभ्या दगडाच्या तीन खोल्या, मागे पडवी आणि पुढे चार पावलं टाकली की संपणारं अंगण. 'महाबळेश्वरला घर आहे' असं सांगितलं की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे उतरत्या छपराचा बंगला, व्हरांड्यात वेताच्या खुर्च्या आणि चहाचा ट्रे घेऊन येणारा बटलर उभा राहतो. आमच्या घरात उभं राहायचं तर आधी कुणीतरी बसावं लागतं. शिवाय २००१ साली केंद्र सरकारनं महाबळेश्वर-पाचगणीचा सगळा परिसर पर्यावरणाच्या दृष्टीनं संवेदनशील म्हणून जाहीर केला, तेव्हापासून भिंतीत खिळा ठोकतानाही मी इकडेतिकडे बघून घेतो. अर्थात पर्यावरणाइतकीच माझी बहीणही संवेदनशील आहे, हे मला ठाऊक होतं; पण तिच्याबद्दल सरकारनं काही जाहीर केलेलं नव्हतं.

आई २०२२ च्या जानेवारीत गेली. घर माझ्याकडे आलं. पाटल्या, नथ आणि बँकेतली ठेव ताईकडे गेली. ताईनं कागदावर सही केली आणि चष्मा डबीत ठेवता ठेवता ती म्हणाली, "मला आईच्या गेंदाचं एक कलम दे. बाकी काही नको."

'बाकी काही नको' म्हणणाऱ्या माणसापासून सावध राहावं, एवढं मला बँकेतल्या पस्तीस वर्षांच्या नोकरीत तरी कळायला हवं होतं.

गेंद म्हणजे अंगणात भिंतीलगत असलेलं एक छातीइतकं उंच, ऐसपैस झुडूप. त्याचं खरं नाव हायड्रेंजिया. मी तिसरीत असताना, म्हणजे १९७१ साली, आईनं एका पारशी बंगल्यातल्या माळ्याला आंब्याच्या लोणच्याची बरणी दिली आणि बदल्यात बोटभर काडी आणली. वडील शाळेत शास्त्र शिकवायचे. त्यांनी आईला ते नाव शिकवण्याचा चार दिवस नेटानं प्रयत्न केला. पाचव्या दिवशी आई म्हणाली, "एवढं नाव घेईपर्यंत झाड वाळून जाईल," आणि त्याच्या चेंडूसारख्या गुच्छांवरून तिनं त्याला 'गेंद' करून टाकलं. मे महिन्यात त्याला पोपटी कळ्यांचे घोस धरायचे आणि पावसाच्या तोंडावर लहान मुलाच्या डोक्याएवढे निळे गुच्छ फुलायचे. निळे म्हणजे किती निळे? वडिलांच्या शाईच्या दौतीत थोडं दूध सांडलं तर जो रंग होईल, तो. आणि हे गुच्छ आठवड्याभरात गळून पडणारे नव्हेत. ज्यांना आपण पाकळ्या म्हणतो त्या मुळात पाकळ्याच नसतात, निदलं असतात; त्यामुळे पाहुणा म्हणून येतात आणि भाडेकरू म्हणून राहतात.

झाड मूळचं जपानचं. पण महाबळेश्वरात मूळचं असं कोण आहे? १८२९ साली मालकमसाहेबानं सातारच्या प्रतापसिंह महाराजांकडून ही जागा घेतली आणि स्वतःच्या नावाची पेठ वसवली. मग इंग्रजांनी चिनी कैदी आणून त्यांच्याकडून बटाटे आणि विलायती भाज्या पिकवून घेतल्या. मग स्ट्रॉबेरी आली. मग पॅटीस आणि चणे खाणारे प्रवासी आले. मूळचे म्हणावेत असे अंजन, जांभूळ, हिरडा आणि माकडं. त्यातली माकडं तेवढी आपला हक्क सोडायला तयार नाहीत.

तर मी कलम केलं. जुलैत न फुललेली फांदी घेतली, दोन डोळे मातीत जातील अशी काडी लावली, पानं निम्मी छाटली आणि पडवीत सावलीला ठेवली. इथल्या पावसात काडी रुजली नाही तरच नवल. वर्षाला साडेपाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस म्हणजे पुण्याला आठ वर्षांत पडतो तेवढा. या पावसात छत्रीच्या मुठीलासुद्धा मुळं फुटतील अशी मला भीती वाटते. ऑक्टोबरात भाऊबीजेला ते कलम मी कुंडीसकट मांडीवर घेऊन एसटीनं पुण्याला नेलं. पसरणीच्या घाटात शेजारच्या बाईंनी विचारलं, "किती महिन्यांचं?" मी म्हटलं, "चार." त्यांनी पदरानं त्याला वारा घातला.

ताईनं कुंडी हातात घेतली, पूर्वेच्या गॅलरीत ठेवली आणि डोळे पुसले. ओवाळणीत मी पाकीटही ठेवलं होतं, पण ते तिनं दुसऱ्या दिवशी उघडलं म्हणे.

२०२३ साली मी निवृत्त झालो आणि आम्ही सातारा सोडून कायमचे इथं राहायला आलो. निवृत्त माणसाइतका धोकादायक प्राणी महाबळेश्वरच्या जंगलात दुसरा नाही. गवा आला तर तो दोन झाडं तुडवून निघून जातो. निवृत्त माणूस घरीच असतो. मी गुलाबाच्या लागवडीवरचं एक पुस्तक आणलं, छाटणीची कात्री आणली, हातमोजे आणले. गुलाब आमच्या अंगणात नव्हता, ही उणीव मला फारशी जाणवली नाही. पुस्तकात लिहिलं होतं की पावसाळा संपला की ऑक्टोबरमध्ये निर्दयपणे छाटणी करावी. माझ्या आयुष्यात मला कशातही निर्दय होण्याची संधी कुणी दिली नव्हती. कर्जाचे हप्ते चुकवणाऱ्यांनासुद्धा मी 'आदरणीय महोदय' असंच लिहीत आलो. दसरा-दिवाळीच्या दरम्यान एका सकाळी मी बाहेर पडलो आणि दहा वाजेपर्यंत आईचा गेंद गुडघ्याइतका करून ठेवला.

सौभाग्यवती चहा घेऊन बाहेर आल्या आणि कपबशी हातात तशीच धरून म्हणाल्या, "त्याला काय झालंय?"

"छाटणी."

"बरा होईल ना?"

आमच्या गल्लीत तात्या म्हणून एक जुने माळी आहेत. त्यांनी बंगल्यांच्या बागा सांभाळण्यात सारा जन्म घालवला. ते संध्याकाळी फाटकाशी थांबले आणि बराच वेळ बोललेच नाहीत. मग टोपी काढून म्हणाले, "साहेब, कुनी केलं ह्ये?"

मी अभिमानानं कात्री दाखवली.

"आवं, ह्यो काय गुलाब हाय व्हय? गुलाब नव्या फुटव्यावर फुलतो. ह्येला जुन्या लाकडावर फूल येतं. पावसाळा सरला की ह्ये गडी पुढच्या सालाचं डोळं फांदीच्या शेंड्याला धरून बसत्यात. ते समदं तुम्ही त्या टोपल्यात टाकलंसा. फुलं वाळली की लगीच, तेवढीच खुडायची असत्यात."

"मग आता?"

"आता यंदा पानं बघा."

मग आम्ही पानं बघितली. पानं सुरेख आली, यात शंका नाही. पण झाडाला शिक्षा दिल्याशिवाय माझं मन भरलं नव्हतं म्हणा, की रिकामा हात शांत बसेना म्हणा, त्याच हिवाळ्यात मी घराच्या जोत्याला सफेदी काढायला घेतली. आमची भिंत पन्नास वर्षं उघड्या जांभ्याचीच होती. जांभ्याला चुना लावायची बुद्धी वडिलांना कधी झाली नाही, कारण ते शास्त्र शिकवायचे. कोपऱ्यात शिडी सरकवताना चुन्याची बादली कलंडली आणि निम्मा चुना गेंदाच्या भिंतीकडच्या बुंध्याशी जाऊन बसला. मी वर दोन घमेली माती ओढली आणि इकडेतिकडे बघितलं. कुणी बघितलं नव्हतं. ही गोष्ट मी सौभाग्यवतींनाही सांगितली नाही. आपल्या वाचकांतच राहू दे.

२०२४ च्या जूनमध्ये ताईचा फोन आला.

"बाळू, फूल आलं."

"वा!"

"गुलाबी आलंय."

"गुलाबी?"

"गुलाबी. लग्नात रुखवताला असतो त्या बुंदीच्या लाडवासारखं."

"अगं, पण झाड तेच आहे. मी स्वतःच्या हातानं काडी लावली."

"आईचं झाड निळं होतं. पन्नास वर्षं निळं होतं. मी काय आंधळी आहे?"

"असं कसं झालं असेल?"

"ते तू सांग. असं कर, तुझ्या झाडाच्या फुलांचा फोटो पाठव आत्ता."

फोटो! माझ्यासमोर अडीच फूट उंचीचं, हिरवंगार, फुलाचं नावही नसलेलं झुडूप वाऱ्यावर डुलत होतं.

"यंदा... यंदा ते फुललं नाही ताई."

पलीकडे शांतता पसरली. मग ती अगदी सावकाश म्हणाली, "पन्नास वर्षांत एकदाही फुलायचं राहिलं नाही. आणि नेमकं यंदाच राहिलं?"

आता माझ्यापुढे पेच असा की चोर म्हणवून घ्यावं की खाटीक? आईचं झाड मी कापलं असं सांगितलं असतं तर चोरीच्या आरोपातून सुटलो असतो. पण ताईच्या कायद्यात कोणत्या कलमाला किती शिक्षा आहे, हे मला लहानपणापासून पाठ आहे. मी गप्प बसलो.

"मला चुना लावलास तू बाळू," ती म्हणाली आणि तिनं फोन ठेवला.

त्या वर्षी भाऊबीजेला 'आम्ही बाहेरगावी जातोय' असा निरोप आला. भावोजी चार दिवसांनी खालच्या आवाजात बोलले, तेव्हा त्यांच्या फोनमागे त्यांच्याच घरातला कुकर शिट्ट्या देत होता. छप्पन्न वर्षांत पहिल्यांदा मी भाऊबीजेच्या दिवशी ओवाळल्याशिवाय जेवलो. सौभाग्यवतींनी बासुंदी केली होती. चांगली झाली असावी.

आता मात्र मी कात्री कपाटात ठेवली आणि पुस्तकं वाचायला घेतली. या वेळी गुलाबाची नव्हे. आणि जे वाचलं त्यानं मी थक्क झालो. या झाडाच्या फुलात निळा वेगळा आणि गुलाबी वेगळा असे दोन रंगच नसतात. रंगद्रव्य एकच. फरक मातीत असतो. माती आम्ल असली की तिच्यातलं अ‍ॅल्युमिनियम विरघळतं, मुळं ते वर ओढून घेतात, फुलात ते त्या रंगद्रव्याला जाऊन मिळतं आणि फूल निळं होतं. मातीत चुना असला की अ‍ॅल्युमिनियम मातीतच अडकून पडतं, आणि फूल गुलाबी राहतं. शाळेतला लिटमसचा कागद आठवून बघा: आम्लात लाल, अल्कलीत निळा. हे झाड बरोबर उलटं चालतं. वडिलांना हे ठाऊक असतं तर त्यांनी गेंद वर्गात नेऊन ठेवला असता. पांढऱ्या जातीला मात्र या भानगडीशी काही देणंघेणं नसतं. ती पांढरी ती पांढरीच.

महाबळेश्वरची माती म्हणजे जांभ्याची. हजारो पावसाळ्यांनी धुऊन धुऊन तिच्यातला चुना पार खाली कोकणात पाठवून दिलेला, आणि मागे लोखंड आणि अ‍ॅल्युमिनियम तेवढं उरलेलं. इथं ते झाड निळं फुलणार नाही तर काय! आणि ताईच्या सोसायटीत पाणी बोअरचं. तिच्या बादल्यांना आतून पांढरं कवच चढतं, गिझरचं कॉइल वर्षाला बदलावं लागतं, चहावर साय नसताना साय दिसते. गेंदाला ते पाणी रोज दोन तांबे. म्हणजे चुना लावला गेला होता हे खरंच. फक्त तो मी लावलेला नव्हता.

हे सगळं मी चार पानी पत्रात लिहून ताईला पाठवलं, आकृतीसकट. उत्तर एका ओळीचं आलं: 'तुझे अक्षर सुधारले आहे.'

मग मी भावोजींना गाठलं. भावोजी महावितरणला नसते तेवढे सहनशील आहेत. घरात कधी कुठला दाब वाढलाय हे त्यांना बरोबर समजतं. पुस्तकात उपाय दिलेला होता: अ‍ॅल्युमिनियमचं सल्फेट. आणि ते आपल्याकडे घराघरांत असतं. तुरटी! पोटॅशियमची जोड असते एवढंच. "चार लिटर पाण्यात चमचाभर," मी फोनवर कुजबुजलो, "पंधरा दिवसांनी एकदा. जास्त नको, मुळं जळतात. आणि बोअरचं पाणी नको, पावसाचं किंवा पिण्याचं घाला. हाडांचं खत अजिबात नको, ते अ‍ॅल्युमिनियम धरून ठेवतं."

"तुरटी कुठून आणू?" भावोजी म्हणाले. "मी काही आणलं की ही पिशवी तपासते."

"दाढीची आहे ना?"

पुढचे सहा महिने भावोजी पहाटे पाचला उठून गॅलरीत जात. ताईला वाटलं ते सूर्याला अर्घ्य देतात. त्यांची दाढी करताना गालावर होणारी रक्ताची टिपं मात्र वाढली, कारण तुरटीचा खडा झिजून झिजून वाटाण्याएवढा झाला होता.

इकडे माझ्या गेंदाला मी हातही लावला नाही. एप्रिल-मेच्या दुपारी तो मान टाकायचा. या झाडाच्या ग्रीक नावाचा अर्थच पाण्याचं भांडं असा आहे. ते नुसत्या फळाच्या आकारावरून पडलंय म्हणतात, पण तहान बघता नाव चुकलेलं नाही. संध्याकाळी दोन बादल्या घातल्या की अर्ध्या तासात पुन्हा ताठ. बुंध्याशी वाळला पाला पसरून ठेवायचा, सकाळचं ऊन द्यायचं, दुपारचं टाळायचं. बस्स. एवढंच आई पन्नास वर्षं करत होती आणि आम्हाला वाटायचं की ती काहीच करत नाही. मी अधीर झालो की तात्या फाटकातून म्हणायचे, "कारवी सात-सात वर्सं वाट बघतीया फुलायला. तुमाला एका सालात घाई!" कारवी सातव्या वर्षी फुलते असं इथं सगळेच म्हणतात, मोजणारे आठ म्हणतात. पण तात्यांशी हिशेब करायची माझी लायकी आता राहिली नव्हती.

२०२५ च्या मेमध्ये कळ्या धरल्या. आणि जूनमध्ये फुलं आली. पहाटे धुकं होतं. मी बाहेर आलो. अंगणाकडच्या अंगाला सात गुच्छ, निळे. अगदी दौतीत दूध सांडल्यासारखे. मी फोटो काढायला मोबाइल शोधत वळसा घालून भिंतीकडच्या बाजूला गेलो, आणि थांबलो. तिथं चार गुच्छ होते. बुंदीच्या लाडवासारखे.

वळचणीच्या आडोशाला, पावसाळी ताटीच्या मागे, जिथं पाऊस पोचत नाही तिथं माझ्या बादलीतला चुना निवांत बसून होता.

मी फोटो पाठवणार तेवढ्यात फाटकाशी रिक्षा थांबली. ताई उतरली. मागून कुंडी छातीशी धरून भावोजी उतरले. त्यांच्या चेहऱ्यावर पकडल्या गेलेल्या माणसाची शांती होती.

"हे बघ," ताईनं पाणीही न घेता सांगितलं. कुंडीत एक गुच्छ होता. गुलाबी नाही, निळा नाही, जांभळट, पावसाळी संध्याकाळच्या आकाशासारखा. "ह्यांनी तुरटी घातली म्हणे. तू शिकवलंस म्हणे. मला खरं बघायचंय."

मी काही बोललो नाही, नुसता बाजूला झालो. ताई आधी निळ्या गुच्छांपाशी गेली. मग वळसा घेऊन भिंतीकडे गेली. तिथं ती खाली बसली आणि गुलाबी गुच्छाची फांदी हातानं चाचपत चाचपत बुंध्यापर्यंत गेली. मग निळ्याची फांदी धरून आली. दोन्ही हात एकाच जाडजूड, साल सुटलेल्या खोडावर येऊन भेटले. ती बराच वेळ तशीच बसली.

"एकच आहे रे," ती म्हणाली.

मला काय वाटलं ते सांगत नाही. पण त्या मंगल क्षणी फाटकातून तात्या डोकावले आणि आनंदानं ओरडले, "आलं का फूल! म्या म्हनलं हुतं की! औंदाच्या मागच्या साली साहेबांनी समदा भादरला हुता, म्हनून तवा फुललं न्हाई!"

ताईनं माझ्याकडे बघितलं. मी भावोजींकडे बघितलं. भावोजींनी कुंडीकडे बघितलं.

"तू कापलंस?"

"थोडंसं."

"किती?"

मी गुडघ्याला हात लावून दाखवला.

"आणि ही भिंत कुणी रंगवली?"

"मीच. बादली... सांडली."

ताई उठली. आता काय होणार म्हणून सौभाग्यवती दारातच थबकल्या. ताई म्हणाली, "आईनं तुझ्या हातात कात्री कधी दिली नाही, ते उगाच नाही," आणि मग ती हसायला लागली. हसता हसता पायरीवर बसली, आणि बसल्यावर तिचं हसणं कधी बदललं ते आम्हाला कळलं नाही. भावोजींनी खिशातून रुमाल काढून दिला. त्यातून वाटाण्याएवढा तुरटीचा खडा खाली पडला.

ती चार दिवस राहिली. आमच्या घरात उभं राहायला जागा नाही असं मी वर म्हटलंय. तर आम्ही बसूनच राहिलो. जाताना तिनं गुलाबी अंगाचं एक नवं कलम करायला सांगितलं. "निळं कशाला नेऊ?" म्हणाली, "निळं तर दोन्हीकडं आहेच." कुंडीत घालायला पिशवीभर तांबडी माती मात्र घेतली. वजन उचलताना भावोजींनी माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं ती मी जन्मभर विसरणार नाही.

भिंतीखालचा चुना मी काढून टाकावा का, असं मी तिला विचारलं होतं. "हात लावू नकोस," ती म्हणाली. मी लावलेला नाही.

ऑक्टोबरात भाऊबीजेला पुण्याला गेलो. तिनं ओवाळलं. मी तबकात पाकीट ठेवलं, आणि त्याच्या शेजारी जिलेटीनच्या कागदात बांधलेली पाव किलो तुरटी. ताईनं आधी तुरटी उचलली, तेवढ्यात आतून भावोजी म्हणाले, "त्यातला एक खडा दाढीला ठेव गं."